पटापुढील आसन

मुरबाडहून माळशेजच्या रोखाने निघालेल्या प्रवाशास वैशाखरे गाव मागे पडल्यावर नाणेघाटाची जुनी पायवाट लागते. सातवाहनांच्या काळी कल्याण बंदरात उतरलेला माल याच वाटेने जुन्नरकडे चढत असे. घाटमाथ्यावरील लेण्यात नागनिका राणीचा लेख कोरलेला आहे, ही गोष्ट इतिहासाच्या अभ्यासकांस सुपरिचित आहे. त्याच परिसरातील कातळावर जुन्या पटखेळांच्या खळग्या व रेघाही आढळल्या आहेत. त्यांकडे मात्र थोड्यांचेच लक्ष जाते. ते पट बुद्धिबळाचे नव्हेत, त्याहून साध्या खेळांचे आहेत. तथापि ओझे उतरवून टेकलेल्या वाटसरूस खेळासाठी एक सपाट दगड, मूठभर खडे आणि समोर बसणारा दुसरा माणूस एवढे पुरेसे होते, ही साक्ष ते आजही देत आहेत.

मुरबाडच्या शेजारीच शहापूर तालुका आहे. आसनगावच्या बाजूने दिसणारा माहुलीचा किल्ला हा त्या तालुक्याचा मानबिंदू होय. १६३६ साली याच किल्ल्यावर शहाजीराजे भोसले मोगल आणि आदिलशाही फौजांच्या वेढ्यात सापडले. निजामशाहीच्या गादीवर त्यांनी मुर्तजा नावाचा अल्पवयीन राजपुत्र बसविला होता. राज्य चालविण्याचे सारे कर्तृत्व शहाजीराजांचे. बालराजाच्या हाती काहीच नव्हते. परंतु तह होऊन तो बालक मोगलांच्या स्वाधीन होताच निजामशाही संपली. बुद्धिबळ जाणणाऱ्यास या प्रसंगाचे मर्म वेगळे सांगावयास नको. पटावरील राजा हा एकेक घर चालणारा दुबळा मोहरा. तरी तो कोंडला गेला की वजीर, हत्ती, घोडे जागच्या जागी उभे असूनही डाव मिटतो.

असा हा खेळ आहे. त्यात फाशांचे दान नाही, पत्त्यांची लपवाछपवी नाही. दोन्ही बाजूंचे बळ प्रारंभी समान असते आणि सारे काही दोघांच्या डोळ्यांसमोर उघडे असते. पट कोणाची जात विचारीत नाही, धन विचारीत नाही, स्त्री की पुरुष हेही विचारीत नाही. परंतु पटापुढील आसनावर कोणी बसावयाचे हे पट ठरवीत नाही. ते माणसे ठरवितात. मोठ्या बुद्धिबळपटूंची चरित्रे पाहू गेल्यास त्यांच्या अनेक कठीण लढती पटावर झालेल्या दिसतात, आणि काहींची सर्वांत कठीण लढत पटाजवळ पोहोचण्यासाठीच झालेली दिसते. महाराष्ट्रातील बुद्धिबळाच्या इतिहासात या दुसऱ्या प्रकारच्या लढतीचे एक ठळक उदाहरण आहे. ते नीट समजण्यासाठी थोडे मागे जाणे अवश्य आहे.

चतुरंग या नावाने भारतात जन्मलेला हा खेळ इराणात गेला, तेथून अरबांच्या हाती आणि पुढे युरोपात पोहोचला. मराठी माणूस आजही प्रतिपक्षास जो ‘शह’ देतो, तो शब्द फारसी ‘शाह’ म्हणजे राजा या शब्दापासून आलेला आहे. मूळच्या पैठणच्या, पण काशीस स्थायिक झालेल्या भट्ट घराण्यातील नीलकंठ भट्टांनी सतराव्या शतकात ‘नीतिमयूख’ या ग्रंथात या खेळाचे वर्णन केले. राजनीतीच्या ग्रंथात खेळास स्थान मिळावे, यावरूनच त्याची तत्कालीन प्रतिष्ठा ध्यानी येते.

जुन्या खेळात वजीर हा अगदी सामान्य मोहरा होता. तो तिरका एकच घर सरकत असे. पंधराव्या शतकाच्या अखेरीस युरोपात त्याला सर्व दिशांनी कितीही घरे धावण्याची मुभा मिळाली आणि तो पटावरील सर्वांत प्रबळ मोहरा झाला. विशेष हे की, युरोपातील लोक या मोहऱ्याला राणी म्हणतात. ज्या समाजांनी पटावरील राणीच्या हाती एवढे सामर्थ्य दिले, त्याच समाजांनी पटापुढे स्त्रीला बसविण्यास पुढे कित्येक शतके संकोच केला.

हिंदी पद्धतीचा खेळ मात्र दीर्घ काळ स्वतंत्र राहिला. त्यात प्यादे पहिल्या खेपेसही एकच घर चाले. राजाला किल्लेकोट करण्याची सोय नव्हती. त्याऐवजी डावात एकदा घोड्याची उडी घेण्याचा अधिकार त्याला असे. प्यादे शेवटच्या घरी पोहोचले की त्याला हवा तो मोहरा होता येत नसे. ज्या पट्टीत ते पोहोचले त्या पट्टीच्या मूळ मोहऱ्याचे रूप त्यास मिळे. या नियमांमुळे डावाचा आरंभ संथ होई. दोन्ही सैन्ये आपापल्या मुलखात सावकाश रचना करीत आणि खरी झुंज पुढे जुंपे. त्यामुळे हिंदी पद्धतीत वाढलेल्या खेळाडूची दृष्टी मधल्या आणि अखेरच्या खेळात मुरलेली असे. युरोपीय पद्धतीच्या वेगवान आरंभाशी गाठ पडली की मात्र तो प्रथम गोंधळे.

या दोन पद्धतींच्या सीमेवर उभा राहिलेला सर्वांत थोर खेळाडू म्हणजे मीर सुलतानखान. हा पंजाबचा. सर उमर हयातखान या बड्या जमीनदाराच्या आश्रयाने तो युरोपीय पद्धत शिकला, १९२८ साली अखिल भारतीय स्पर्धा जिंकला आणि १९२९ साली त्या आश्रयदात्याबरोबर विलायतेस गेला. त्याच वर्षी रॅम्सगेट येथे त्याने ब्रिटिश अजिंक्यपद पटकावले. १९३२ आणि १९३३ साली ते पुन्हा त्याच्याकडेच आले. डावाच्या आरंभाची छापील विद्या त्याच्यापाशी नव्हती आणि तेथील थंड हवाही त्याला मानवत नव्हती. तरी युरोपातील नामवंतांस त्याच्याशी झगडताना घाम फुटे.

१९३०–३१ च्या हिवाळ्यात इंग्लंडमधील हेस्टिंग्ज येथे झालेली स्पर्धा या संदर्भात विशेष स्मरणीय आहे. तीत हॉलंडचा डॉ. मॅक्स यूवे पहिला आला, क्यूबाचा माजी जगज्जेता कापाब्लांका दुसरा आणि सुलतानखान तिसरा. सुलतानखानाने त्या स्पर्धेत साक्षात कापाब्लांकाला पराभूत केले. परंतु त्याच स्पर्धेत आणखी एक घटना घडली, जिचे महत्त्व तेव्हा कोणाच्या ध्यानी आले नसेल. स्पर्धेचा विजेता यूवे हा व्हेरा मेनचिक या स्त्रीकडून एक डाव हरला.

व्हेरा मेनचिक ही १९२७ साली स्त्रियांची पहिली जगज्जेती झाली होती. पुरुषांच्या मोठ्या स्पर्धांत तिला बोलावणे आले, तेव्हा तिच्याकडून हरणाऱ्यांचे एक ‘मंडळ’ काढावे अशी थट्टा एका खेळाडूने केली. त्या थट्टेतील मंडळाचा पहिला सभासद होण्याचा मान स्वतः थट्टा करणाऱ्यालाच मिळाला. पुढे यूवे त्या मंडळात आला, सुलतानखानही आला. १९४४ साली लंडनवर पडलेल्या जर्मन उडत्या बाँबने व्हेराचा अंत केला. तोवर स्त्रीला हा खेळ पेलत नाही हे म्हणणे निदान पटाजवळ बसणाऱ्यांना तरी कठीण झाले होते.

सर उमर हयातखानांच्या त्याच परिवारात फातिमा नावाची एक मुलगी होती. तीही या मंडळींबरोबर विलायतेस गेली होती आणि तेथे हा खेळ खेळत होती. १९३३ साली हेस्टिंग्ज येथे सुलतानखान तिसऱ्यांदा ब्रिटिश अजिंक्यवीर झाला, आणि तेथेच फातिमाने स्त्रियांचे ब्रिटिश अजिंक्यपद जिंकले. राज्यकर्त्यांच्या देशात जाऊन, त्यांच्याच खेळपद्धतीत, एकाच परिवारातील दोघांनी दोन्ही मुकुट आणले. त्यानंतर ती मंडळी स्वदेशी परतली आणि फातिमाचे नाव बुद्धिबळाच्या जगातून मावळले. खेळ तिच्या हाती होता. खेळण्याची संधी मात्र सर्वस्वी दुसऱ्याच्या हाती होती.

सुलतानखानाच्या नावाची शेवटची मोठी नोंद एका मराठी खेळाडूच्या नावाशी जोडलेली आहे. १९३५ साली व्ही. के. खाडिलकर यांच्याशी त्याचा दहा डावांचा सामना झाला. त्यांत सुलतानखानाने नऊ डाव जिंकले आणि एक बरोबरीत सुटला. या आकड्यांकडे पाहून कोणी खाडिलकरांस उणे लेखू नये. ज्याच्यापुढे कापाब्लांकाला हार पत्करावी लागली, त्याच्याशी दहा वेळा बसणे आणि एकदा त्याला अडवून धरणे हा लहान पराक्रम नव्हे. या सामन्यानंतर सुलतानखान मोठ्या बुद्धिबळापासून दूर झाला आणि १९६६ साली सरगोधा येथे निवर्तला. जागतिक बुद्धिबळ संघाने त्याला सन्माननीय ग्रँडमास्टर ही पदवी दिली ती २०२४ साली, म्हणजे त्याच्या मृत्यूनंतर ५८ वर्षांनी. आणि १९३५ सालीच, इकडे हा सामना झाला त्या वर्षी, तिकडे यूवेने अलेखाइनला हरवून जगज्जेतेपद मिळविले. या यूवेचा महाराष्ट्राशी संबंध पुढे येणार आहे, म्हणून त्याचे नाव ध्यानात ठेवणे इष्ट.

महाराष्ट्रात या खेळाची जोपासना झाली ती विशेषतः सांगलीस. १९४१ साली भाऊसाहेब पडसलगीकर यांनी तेथे नूतन बुद्धिबळ मंडळाची स्थापना केली. सांगली हे काही महानगर नव्हते. परंतु तेथे खेळाडूला समोर बसणारा प्रतिस्पर्धी मिळे, मुलांना खेळ दाखविणारा वडीलधारा मिळे आणि वर्षानुवर्षे नेमाने भरणाऱ्या स्पर्धा मिळत. अशा वातावरणात खेळाडू घडले नसते तरच नवल! स्वातंत्र्यानंतर १९५५ साली एलुरू येथे पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली, तेव्हा महाराष्ट्राचे रामचंद्र सप्रे आणि आंध्रचे डी. वेंकय्या हे संयुक्त विजेते ठरले. पुरुषांच्या बाबतीत मराठी मुलखाने आपला हक्क असा प्रारंभीच नोंदविला. मुलींचा पट मात्र अद्याप मांडलाच गेला नव्हता. स्त्रियांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा व्हावयास १९७४ साल उजाडावे लागले.

ती स्पर्धा बंगलोर येथे झाली आणि तीत वासंती खाडिलकर ही मुंबईची शाळकरी मुलगी पहिली आली. नाट्याचार्य कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांनी १९२३ साली ‘नवाकाळ’ हे वृत्तपत्र सुरू केले होते; त्या पत्राचे पुढील संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या तीन मुली वासंती, जयश्री आणि रोहिणी. तिघींच्या वयांत जेमतेम एकेका वर्षाचे अंतर होते. गिरगावातील त्या घरात प्रतिस्पर्धी शोधण्यास बाहेर जावे लागत नव्हते. धाकटीला थोरली होती आणि थोरलीला मधली. स्पर्धेच्या पहिल्या दशकातील सारी राष्ट्रीय विजेतेपदे या एकाच घरात आली. १९७९ साली जयश्री ही भारतातील पहिली महिला इंटरनॅशनल मास्टर झाली. रोहिणीने एकटीने पाच वेळा राष्ट्रीय अजिंक्यपद जिंकले. त्यांतील पहिले १९७६ साली, वयाच्या अवघ्या तेराव्या वर्षी.

त्याच १९७६ साली रोहिणीपुढे तो प्रश्न उभा राहिला, ज्यासाठी हे सारे पूर्ववृत्त सांगितले. राष्ट्रीय स्पर्धा तोवर पुरुषांची म्हणूनच ओळखली जात होती. देशातील सर्वांत बलवान खेळाडू तेथे येत. ज्याला आपले बळ खरोखर अजमावून पाहावयाचे त्याला तेथेच खेळणे भाग होते. रोहिणी त्या स्पर्धेत उतरावयास निघाली आणि एकच गहजब उडाला. स्त्रियांसाठी स्वतंत्र स्पर्धा असताना मुलीने या पटाकडे का यावे, हा आक्षेपाचा सूर होता.

या आक्षेपाचे स्वरूप नीट पारखले पाहिजे. मल्लविद्येत किंवा धावण्याच्या शर्यतीत शरीरबळाचे अंतर पुढे करता येते. बुद्धिबळात मोहरा उचलण्यास जे बळ लागते ते पाच वर्षांच्या बालकापाशीही असते. तेव्हा तेथे आक्षेपास शरीराचा आधार नव्हता. उरला होता तो एकच आधार, रूढीचा. स्वतंत्र स्पर्धा मुलींना धीर देण्यासाठी, त्यांनी मोठ्या संख्येने यावे यासाठी काढलेली होती. ती पायरी होती. तिचे कुंपण करण्याचा हा प्रकार होता. मुलीने फक्त मुलींशीच खेळावे असे ठरले तर तिची उंची मुलींच्या स्पर्धेपुरतीच वाढणार, आणि मग त्याच खुज्या उंचीकडे बोट दाखवून तिला मोठ्या स्पर्धेस अपात्र ठरविता येणार. असे हे न संपणारे चक्र होते.

अखेर प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले आणि निर्णय रोहिणीच्या बाजूने झाला. त्याचे पडसाद जागतिक बुद्धिबळ संघापर्यंत उमटले. त्या संघाचे अध्यक्ष त्या वेळी डॉ. मॅक्स यूवे हे होते. राष्ट्रीय अथवा आंतरराष्ट्रीय अजिंक्यपदाच्या स्पर्धांतून स्त्रियांना मज्जाव करता येणार नाही, असा निर्वाळा त्यांनी दिला. पंचेचाळीस वर्षांपूर्वी हेस्टिंग्जच्या पटावर व्हेरा मेनचिककडून जो हरला होता, तोच हा यूवे. त्या पराभवाची आठवण या निर्णयामागे होती की नाही हे सांगण्याचे साधन नाही, आणि तशी आवश्यकताही नाही. स्त्रीच्या खेळाची पारख त्याला ऐकीव नव्हती एवढे निश्चित.

न्यायालयाने आसन दिले. डाव मात्र रोहिणीलाच खेळावयाचे होते. प्रत्येक चालीकडे शंकेखोर नजरा लागलेल्या असताना, आपला पराभव हा आपल्या एकटीचा मानला जाणार नाही हे ठाऊक असताना, तेरा वर्षांच्या मुलीने चित्त स्थिर ठेवणे किती अवघड! तिने त्या स्पर्धेत तीन राज्यांच्या विजेत्यांना हरविले. त्यांत गुजरात आणि पश्चिम बंगाल यांच्याबरोबर खुद्द महाराष्ट्राचा विजेताही होता. आक्षेपकांस याहून स्पष्ट उत्तर कोणत्याही निकालपत्रात लिहिता आले नसते.

यानंतरची तिची वाटचाल उजळ आहे. १९८० साली तिला अर्जुन पुरस्कार मिळाला. १९८१ साली हैदराबाद येथे आशियाई महिला अजिंक्यपदाच्या स्पर्धेत तिने बारापैकी साडेअकरा गुण मिळविले. एकही डाव न गमावता ती आशियाची पहिली अजिंक्य महिला खेळाडू ठरली. १९८३ साली क्वालालंपूर येथे ते पद तिने पुन्हा जिंकले. पुढील काळात जयश्री आणि रोहिणी यांनी वृत्तपत्राच्या संपादनाची घरची परंपराही सांभाळली.

एकदा वाट मोडली की तिच्यावरून चालणाऱ्यांची उणीव पडत नाही. सांगलीच्या भाग्यश्री साठे यांनी राष्ट्रीय अजिंक्यपद पाच वेळा मिळविले आणि १९९१ साली आशियाई अजिंक्यपदही. अनुपमा अभ्यंकर यांना १९८६ साली, वयाची विशीही उलटली नसता, पद्मश्री मिळाली; भाग्यश्रींना ती १९८७ साली मिळाली. पुरुषांतही महाराष्ट्र मागे नव्हता. मुंबईचे प्रवीण ठिपसे १९८५ साली राष्ट्रकुल स्पर्धा जिंकणारे पहिले भारतीय ठरले आणि १९९७ साली ग्रँडमास्टर झाले. त्यांच्यानंतर पुण्याच्या अभिजित कुंटे यांनी ती पदवी मिळविली. २०२४ साली बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये भारताने खुल्या व महिला दोन्ही विभागांत सुवर्णपदक मिळविले, तेव्हा एका संघात नाशिकचे विदित गुजराथी होते आणि दुसऱ्या संघात नागपूरची दिव्या देशमुख.

हीच दिव्या २०२५ सालच्या जुलै महिन्यात जॉर्जिया देशातील बातुमी येथे महिलांच्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात पोहोचली. समोर होती कोनेरू हंपी, भारतातील स्त्रियांत सर्वप्रथम ग्रँडमास्टर झालेली आणि अनुभवाने कितीतरी थोर. संथ गतीचे दोन डाव बरोबरीत सुटले. मग जलद गतीच्या डावांत दिव्याने दीड विरुद्ध अर्ध्या गुणाने बाजी मारली. तेव्हा तिचे वय १९ वर्षांचे होते. या विजयाबरोबर ती भारताची ८८ वी ग्रँडमास्टर झाली. भारतीय स्त्रियांत चौथी. ग्रँडमास्टर ही पदवी स्त्रियांसाठी निराळी नाही. ती विश्वनाथन आनंदची आहे आणि तीच दिव्याची आहे. १९७६ साली ज्या आसनासाठी न्यायालयाची पायरी चढावी लागली, त्या आसनाचा अर्थ २०२५ साली असा पूर्णतेस गेला.

हा विजय जॉर्जियात झाला, यालाही एक औचित्य आहे. त्या चिमुकल्या देशातील झुगदीदी नावाच्या लहान गावातून नोना गाप्रिंदाश्विली ही मुलगी निघाली; १९६२ ते १९७८ अशी सोळा वर्षे ती जगज्जेती राहिली आणि १९७८ साली ग्रँडमास्टर ही पदवी मिळविणारी जगातील पहिली स्त्री झाली. तिच्या मागोमाग त्या देशातून एकापाठोपाठ एक थोर स्त्री-खेळाडू निघाल्या. देश लहान, गाव त्याहून लहान. परंतु मुलीने पटापुढे बसावे हे तेथे लोकांस शोभेचे वाटू लागले आणि पुढचे आपोआप घडले. झुगदीदी काय, सांगली काय, दोन्हीकडे हेच दिसते की, प्रज्ञा महानगरांतच जन्म घेते असे नाही. तिला जोपासणारे चार जण जेथे भेटतील तेथे ती रुजते.

आता पुन्हा शहापूर आणि मुरबाड या तालुक्यांकडे वळावयाचे. हा डोंगराळ, भातशेतीचा आणि रानाचा मुलूख. ठाकूर, कातकरी, वारली, महादेव कोळी यांच्या वाड्या-पाडे येथे विखुरलेले आहेत आणि त्यांची कित्येक मुले आश्रमशाळांत राहून शिकतात. तानसा आणि भातसा या धरणांचे पाणी याच शहापूर तालुक्यातून मुंबईस जाते. ज्या गिरगावात खाडिलकर भगिनी वाढल्या, त्या गिरगावाची तहान भागविणारे हे डोंगर आहेत. येथील पाण्याला मुंबईची वाट सापडली. येथील मुलीला पटापर्यंतची वाट सापडावयास काय हवे, हा या साऱ्या कथेतून निघणारा व्यवहाराचा प्रश्न आहे.

त्याचे उत्तर फार खर्चाचे नाही. पट पुठ्ठ्यावर आखता येतो. नाही तर शाळेच्या पडवीच्या फरशीवर कोळशाने किंवा खडूने चौसष्ट घरे काढता येतात. मोहऱ्यांची एक जोडी दहा मुलांना पुरते. दुसरी गोष्ट, डाव लिहिण्याची सवय. चाली वहीत उतरवून ठेवणारे मूल आपली चूक दुसऱ्या दिवशी पुन्हा पाहू शकते. खेळ आणि अभ्यास यांतील अंतर त्या वहीने मिटते. सुलतानखानाला ग्रंथांची जोड नव्हती; आज छापील पुस्तके मराठीतही मिळतात, आणि भ्रमणध्वनीच्या साहाय्याने पाड्यावरील मुलालाही दूरच्या खेळाडूशी डाव मांडता येतो. तिसरी गोष्ट, नेमाने भरणारी स्पर्धा. पौष महिन्यात मुरबाडजवळ म्हसा येथे मोठी यात्रा भरते, तेथे बैलांचा बाजार असतो. त्या यात्रेच्या एका कोपऱ्यात मंडप घालून वीस पट मांडले, तर पाहणाऱ्यांची वाण पडणार नाही.

चौथी गोष्ट मात्र पैशाने मिळणारी नाही, आणि ती सर्वांत मोठी आहे. घरात पाणी भरावयाचे असते, धाकट्या भावंडास सांभाळावयाचे असते, लावणीच्या दिवसांत हात कमी पडत असतात. अशा वेळी मुलाला ‘खेळून ये’ म्हणणारे घर मुलीलाही तसेच म्हणेल काय? फातिमा ब्रिटिश अजिंक्यपद मिळवूनही विस्मृतीत गेली, कारण परतल्यावर तिला पुन्हा पटापुढे बसविणारे कोणी नव्हते. रोहिणी टिकली, कारण तिच्या मागे घर उभे राहिले आणि आसन नाकारले गेले तेव्हा ते मिळेपर्यंत मागे हटले नाही. दोघींच्या बुद्धीची तुलना करण्याचे कारण नाही. फरक पडला तो पाठीशी उभ्या राहिलेल्या माणसांचा.

बुद्धिबळातील प्यादे हा सर्वांत लहान मोहरा होय. ते एकेक घर पुढे सरकते आणि त्याला मागे फिरता येत नाही. परंतु तेच एक असे आहे की, शेवटच्या घरी पोहोचल्यावर त्याचा वजीर होऊ शकतो. हे भाग्य हत्तीला नाही, घोड्याला नाही, स्वतः राजालाही नाही. मात्र प्यादे एकट्याच्या बळावर तेथवर क्वचितच पोहोचते. त्याच्या पाठीशी दुसरा मोहरा उभा असावा लागतो. त्याला मराठीत जोर म्हणतात. आश्रमशाळेच्या पडवीत खडूने आखलेल्या पटापुढे बसलेल्या मुलीला असा जोर मिळाला, तर तिची चाल कोठवर जाईल हे आधीच कोणी सांगू नये. नाणेघाटाच्या कातळावर पट कोरणाऱ्यांनी समोरच्या दगडावर एक जागा मोकळी ठेवली होती. ती ज्याला खेळावयाचे त्याच्यासाठी होती.